स्वतः पाहून, विचार करून

दाखलेसाहेबांनी आपला प्रोफाइल फोटो बदलायचं ठरवलं, तेव्हा त्यांच्या मनात काहीही वावगं नव्हतं. बुधवार होता. डबा खाऊन झाला होता आणि सुट्टी संपायला पंधरा मिनिटं होती. एवढ्या वेळात माणूस स्वतःचं फार मोठं नुकसान करू शकत नाही, असा त्यांचा समज होता.

त्यांचं आडनाव दाखले नव्हतं, हे आधीच सांगायला हवं. पेन्शन कचेरीत हयातीच्या दाखल्याची जी खिडकी आहे, तिच्यामागे ते बावीस वर्षं बसत होते, म्हणून लोक त्यांना दाखलेसाहेब म्हणत. पुढे पुढे तर घरी येणारी पत्रंसुद्धा 'श्री. दाखले' अशी येऊ लागली. (त्यांच्या बायकोला एकदा कुणी 'दाखलेबाई' अशी हाक मारली, तेव्हा तिनं वळून दुसरंच कुणी आहे का ते पाहिलं होतं.)

या खिडकीवर दरवर्षी पेन्शनर येत आणि दोन गोष्टी सिद्ध करत. एक म्हणजे आपण जिवंत आहोत, आणि दुसरी म्हणजे आपण आपणच आहोत. पहिली गोष्ट दाखलेसाहेब चटकन मान्य करत. समोरचा माणूस जिना चढून धापा टाकतोय, म्हणजे आहे. घोडं अडायचं ते दुसरीवर. रजिस्टरातला फोटो आणि खिडकीतला चेहरा यांच्यात ते तीनदा नजर फिरवत, चष्मा कपाळावर चढवत, पुन्हा खाली आणत आणि मग अगदी मनापासून खेद वाटल्यासारखं म्हणत, "जुळत नाही." ते दुष्ट नव्हते. नियमाचे पक्के होते, आणि नियमाचा पक्का माणूस खिडकीच्या पलीकडून बराचसा दुष्टच दिसतो.

ज्यांचं जुळत नसे त्यांच्यासाठी दाखलेसाहेबांनी स्वतः एक फॉर्म तयार केला होता, नमुना सात. पेन्शनरला निदान दहा वर्षं ओळखणाऱ्या जवळच्या माणसानं तो भरायचा. त्यातलं वाक्य असं: 'वरील छायाचित्रातील व्यक्ती व समक्ष हजर असलेली व्यक्ती एकच आहे, असे मी स्वतः पाहून, विचार करून लिहून देत आहे.' यातले 'विचार करून' हे शब्द मूळ मसुद्यात नव्हते. कुणी उगाच डोळे झाकून सही ठोकू नये म्हणून दाखलेसाहेबांनी ते मागाहून घातले होते आणि त्या दोन शब्दांचा त्यांना फार अभिमान होता.

तर असा माणूस स्वतःच्या फोटोच्या नादी का लागला? कारण 'दहावी ब'. शाळेतल्या जुन्या मंडळींचा फोनवर एक ग्रुप निघाला होता. दाखलेसाहेबांनी त्यात हौसेनं आपला एक फोटो टाकला. शाळेत त्यांच्या बाकावर शेजारी बसणाऱ्यानं, ज्याची सगळी गणितं यांच्या वहीतून उतरलेली होती, खाली लिहिलं, 'हे काका कोण? कुणाचे वडील चुकून ग्रुपात आलेत का?' त्यावर एकतीस जणांनी हसरे चेहरे टाकले. बत्तिसावा दाखलेसाहेबांनी स्वतः टाकला. आपल्याला काही वाटलं नाही असं दाखवायचं असेल, तर दुसरं करणार काय?

वाटलं मात्र होतं. दोन दिवस त्यांना जेवताना ते वाक्य आठवत होतं.

म्हणून त्या बुधवारी त्यांनी फोटो सुधारणारं एक ॲप घेतलं. विचार एवढाच होता की चेहरा जरा उजळ करावा, म्हणजे खिडकीतल्या ट्यूबलाइटचा दोष निघून जाईल. ॲपमध्ये प्रत्येक अवयवासाठी एकेक सरकपट्टी होती आणि तिच्यावर 'थोडं', 'मध्यम', 'भरपूर' असं लिहिलेलं होतं. दाखलेसाहेबांनी त्वचेसाठी 'थोडं' निवडलं. मग त्वचा बरी दिसू लागल्यामुळे डोळे थकलेले दिसू लागले, म्हणून डोळे 'मध्यम' केले. डोळे तरतरीत झाल्यावर त्यांच्याखाली तो जबडा शोभेना. जबड्याला 'भरपूर' लागलं. केसांच्या बाबतीत ॲपनं स्वतःहून पुढाकार घेतला आणि दाखलेसाहेबांनी त्याला अडवलं नाही. शेवटी 'डाग काढा' असं एक बटण होतं. ते त्यांनी काही न बघताच दाबलं.

सुट्टी संपल्याची घंटा झाली तेव्हा फोनमध्ये एक भलताच देखणा माणूस होता. दाखलेसाहेबांनी मूळ फोटो पुसून टाकला. दोघांना ठेवायला जागा कुठे होती?

ग्रुपात त्रेचाळीस बदाम आले. बाकावरच्या मित्रानं लिहिलं, 'वा. तब्येत कमावलीस.' दाखलेसाहेब खूश झाले, आणि इथवर सगळं माणसाच्या स्वभावाला धरून होतं. पण त्यांना त्या फोटोची सवय लागली. जिन्यात, बसथांब्यावर, रजिस्टराच्या आडून ते तो उघडून बघू लागले. स्वतःला बघतोय असं त्यांना वाटत नसे. एखाद्या कर्तबगार धाकट्या भावाकडे बघावं तसं ते त्याच्याकडे बघत. या माणसाला कुणी 'जरा बाजूला व्हा' म्हणत नसणार. हा सभेत मागच्या खुर्चीवर बसत नसणार. त्या आठवड्यात दाखलेसाहेबांनी कचेरीच्या मॅडमना एकदा चक्क 'नाही' म्हटलं, ते निव्वळ या माणसाच्या जोरावर. (मॅडमनी ऐकलं नाही, हा भाग वेगळा.)

पुढच्या गुरुवारी कचेरीच्या दारात हजेरीचं नवं यंत्र लागलं. आता सही नाही, अंगठा नाही. यंत्रासमोर उभं राहायचं, यंत्र चेहरा बघणार आणि हजेरी लावणार. प्रत्येकानं आपला अलीकडचा फोटो संध्याकाळी पाचच्या आत यंत्राला पाठवावा, अशी नोटीस निघाली. दाखलेसाहेबांच्या फोनमध्ये पाण्याच्या मीटरचे चार फोटो होते, लेकीनं तिच्या नव्या घरी लावलेल्या पडद्यांचा एक होता आणि हा एक होता. फोटो अलीकडचाच होता, आठच दिवसांपूर्वीचा. त्यातला माणूस तितकासा अलीकडचा नव्हता. पण नोटिशीत माणसाबद्दल काही लिहिलेलं नव्हतं.

सोमवारी सकाळी ते यंत्रासमोर उभे राहिले. आतून एका बाईचा शांत आवाज आला, "ओळख पटली नाही. कृपया पुन्हा प्रयत्न करा."

त्यांनी पुन्हा प्रयत्न केला. हनुवटी वर घेतली. श्वास ओढून पोट आत घेतलं. (यंत्र फक्त चेहरा बघत होतं, पण सांगता येत नाही.) चष्मा काढून पाहिला, तेव्हा त्यांनाच यंत्र दिसेना. मागे रांग लागली. टपाल विभागातल्या बाईंनी सुचवलं की हसून बघा, तर हसून पाहिलं. "ओळख पटली नाही," यंत्रातली बाई तेवढ्याच शांतपणे म्हणाली. दिवसभरात दाखलेसाहेबांनी नऊ वेळा प्रयत्न केला आणि नवव्यांदा त्यांना तो आवाज ओळखीचा वाटू लागला. बावीस वर्षं ते स्वतः याच आवाजात बोलत आले होते.

मंगळवारी ते मिशा काळ्याभोर करून निघाले. दारात बायकोनं कुठे कार्यक्रम आहे का, एवढंच विचारलं. यंत्रानं तेही विचारलं नाही.

बुधवारी मात्र कहर झाला. पाण्याचा फिल्टर दुरुस्त करायला एक मेकॅनिक आला. तीस-बत्तीस वर्षांचा, चांगला उंच, जबडा जागच्या जागी. हातात पाना घेऊन तो यंत्रापुढून सहज जात होता, तोच यंत्र आनंदानं म्हणालं, "स्वागत आहे." पडद्यावर दाखलेसाहेबांचं पूर्ण नाव, हुद्दा आणि नोकरीची एकूण वर्षं झळकली. मेकॅनिकनं अदबीनं विचारलं की मला कुठे सही करायची आहे का. कचेरीत त्या दिवशी फारसं काम झालं नाही.

मॅडमनी दाखलेसाहेबांना केबिनमध्ये बोलावलं. त्या हसल्या नाहीत, आणि त्यामुळे प्रकरण जास्तच गंभीर झालं. त्यांचं म्हणणं असं की यंत्राच्या नोंदीनुसार तुम्ही तीन दिवस हजर नाही. जो हजर नाही त्याच्या सहीनं दाखले देता येत नाहीत. तुमची सही तूर्त गोठवली आहे. शनिवारी बारापर्यंत ओळख पटली नाही, तर खिडकी बंद होईल आणि सगळी रजिस्टरं मुख्य कचेरीकडे जातील. मग इथल्या म्हाताऱ्यांना दाखल्यासाठी तीन तास प्रवास करावा लागेल आणि तुम्हाला तळघरात जुन्या फायली लावाव्या लागतील.

दाखलेसाहेब म्हणाले की मी दुसरा फोटो देतो. मॅडम म्हणाल्या की फोटो बदलायचा तर आधी तुम्ही म्हणजे पहिल्या फोटोतलेच आहात हे सिद्ध करा, नाहीतर उद्या कुणीही येऊन स्वतःचा फोटो लावील. "यावर इलाज तुम्हीच करून ठेवलाय ना?" त्या म्हणाल्या. "नमुना सात. बाईसाहेबांची सही आणा."

दाखलेसाहेबांचा जीव भांड्यात पडला. बायकोची सही म्हणजे घरचंच काम. लग्नाला एकोणतीस वर्षं झाली होती आणि तिनं आजवर त्यांच्या शंभरेक कागदांवर, हात पुसून, न वाचता सही केली होती.

पण बायकोबद्दल एक गोष्ट सांगायची राहिली. ती चष्म्याच्या दुकानात काम करायची. चष्मा विकायचं काम नव्हे. चष्मा चेहऱ्यावर बसवायचं. डोळ्यांमधलं अंतर पट्टीनं मोजायचं, नाकाचा बांक बघायचा, काड्या गरम करून कानांच्या बेतानं वाकवायच्या. एकवीस वर्षांत तिनं गावातले निम्मे चेहरे मोजले होते. दाखलेसाहेब चेहरे बघायचे; ती चेहरे ओळखायची.

संध्याकाळी चहा पिताना त्यांनी फॉर्म पुढे केला, वर फोटो चिकटवलेला. पेनही उघडून दिलं. तिनं पेन घेतलं, हात पुसला आणि सही करता करता थांबली.

"हा कोण?"

"मीच."

तिनं फोटो उजेडात धरला. पर्समधून मोजायची पट्टी काढली. (ती पट्टी ती घरीसुद्धा जवळ बाळगायची, काही बायका देवघराच्या किल्ल्या बाळगतात तशी.) फोटोतल्या माणसाचे दोन्ही कान एका रेषेत आहेत, असं तिनं जाहीर केलं. "तुमचा डावा कान वर आहे. तुमच्या चष्म्याची डावी काडी मी दर चार महिन्यांनी वाकवते, ती काय हौस म्हणून?"

दाखलेसाहेबांनी सारवासारव केली की ॲपमध्ये असं थोडंफार होतं, सगळेच करतात, आणि मुद्दा कानांचा नसून सहीचा आहे. तिनं वाक्य वाचलं. पुन्हा वाचलं. मग पेनाचं टोपण लावून ते टेबलावर ठेवलं.

"इथे लिहिलंय, विचार करून."

"ते सगळ्यांसाठी लिहिलंय गं. लोकांसाठी."

"मीही लोकांतलीच आहे," ती म्हणाली. "मी विचार करते."

आणि ती खरोखरच विचार करू लागली. भांडली नाही, रुसली नाही. रोजच्यासारखी जेवली, लेकीशी फोनवर बोलली, आणि मधूनच फॉर्म हातात घेऊन फोटोकडे बघत राहिली. दाखलेसाहेबांना भांडण परवडलं असतं. हे बघणं त्यांना सोसवेना. या तीनदा बघण्याला पेन्शनर का घाबरतात, हे त्यांना बावीस वर्षांत पहिल्यांदाच कळलं.

गुरुवारी सही गोठलेली असल्यामुळे त्यांना खिडकीत बसता येईना. घरी राहावं तर गैरहजेरी वाढणार. म्हणून ते बाहेर, पेन्शनरांच्या बाकावर जाऊन बसले. या बाकाची एक फळी ढिली आहे आणि ती नेमकी मधोमध टोचते, ही माहिती त्यांना नवी होती. शेजारी एक निवृत्त नर्स बसली होती. खिडकीबाहेर तिनं साहेबांना ओळखलं नाही. खिडकीच्या चौकटीशिवाय त्यांना कुणी पाहिलंच कुठे होतं?

ती गप्पिष्ट होती. तिनं आपणहून सांगितलं की ती दाखल्याच्या दिवशी केस मुद्दाम मधोमध भांग पाडून, घट्ट मागे बांधून येते. एरवी असे बांधत नाही, डोकं दुखतं. पण रजिस्टरातल्या फोटोत तसे आहेत. फोटो एकोणीस वर्षांपूर्वीचा. कानातलेही तेच घालते.

"आतल्या साहेबांना जुळवायला सोपं जावं म्हणून," ती म्हणाली. "त्यांना त्रास होतो हो. जुळत नाही म्हणताना तोंड अगदी एवढंसं होतं त्यांचं. पहिल्या खेपेला मी घरी जाऊन आरशात बघितलं, म्हटलं, यांना जुळत नाही ते खरंच आहे. मलाही जुळत नाही."

दाखलेसाहेबांनी मान खाली घातली. आज खिडकी उघडणार नाही, हे तिला सांगणं त्यांच्यावर आलं, आणि ते त्यांनी एखाद्या परक्या माणसासारखं सांगितलं. ती केस सोडत जिना उतरून गेली. ते बराच वेळ त्या टोचणाऱ्या फळीवर बसून राहिले. आपल्याला लाज वाटते आहे, हे त्यांनी स्वतःशी कबूल केलं.

शुक्रवारी दुपारी ते बायकोच्या दुकानात गेले. इतक्या वर्षांत ते तिथे कामाच्या वेळी कधी गेले नव्हते. काडी ती घरीच वाकवून द्यायची. दुकान अरुंद होतं, दोन्ही भिंतींवर रिकाम्या फ्रेमा, मध्ये टेबल, टेबलावर गोल आरसा आणि काड्या तापवायची छोटी शेगडी. एक गिऱ्हाईक उठून गेलं आणि दाखलेसाहेब त्याच्या खुर्चीत बसले. बायकोनं सवयीनं त्यांचा चष्मा काढून घेतला आणि पुसायला लागली.

चष्म्याशिवाय समोरचं सगळं अंधुक होतं. त्यामुळेच बहुधा त्यांना बोलता आलं. त्यांनी 'हे काका कोण'पासून सगळं सांगितलं. एकतीस हसरे चेहरे सांगितले आणि बत्तिसावा आपला होता, तेही सांगितलं. मला कुणी हसू नये एवढंच हवं होतं, असं ते म्हणाले.

"हसले ते तुम्हाला," ती म्हणाली. "आणि बदाम दिले ते त्याला. मग तुम्हाला काय मिळालं त्यात?"

दाखलेसाहेब म्हणाले, "तुला तो इतका वाईट वाटतो का?"

"वाईट कशाला? देखणा आहे. पण त्याच्या चेहऱ्यावर काही घडलेलंच नाही हो. मी नसतं केलं त्याच्याशी लग्न." मग तिनं त्यांच्या डाव्या भुवईवर बोट ठेवलं. तिथे एक बारीक पांढरा व्रण होता, तिरपा, नखाएवढा. "हा कुठे गेला?"

त्यांना क्षणभर कळेना. मग ते 'डाग काढा' आठवलं.

हा व्रण लग्नाच्या पहिल्या महिन्यातला. भाड्याच्या खोलीत स्वयंपाकाच्या ओट्यावर एक कपाट होतं. तिनं त्याचं दार झटक्यात उघडलं आणि नेमके तेव्हाच दाखलेसाहेब खालून वर उठत होते. तीन टाके पडले. ती रडून रडून अर्धी झाली. त्यांनी घरच्यांना, कचेरीत, डॉक्टरांनासुद्धा सांगितलं की नळाखाली पाय घसरून पडलो. ती भाड्याची खोली सोडल्यावरही तेच सांगत राहिले. एकोणतीस वर्षांत कुणाला खरं सांगितलं नाही. ती आणि ते भांडले तेव्हासुद्धा एकदाही तो विषय काढला नाही.

"तुम्ही मला कधी चार शब्द गोड बोलला नाहीत," ती म्हणाली. "फूल आणलं नाहीत. मी कधी म्हटलं का काही? सकाळी तुमची भुवई दिसायची, मला पुरायचं तेवढं. आणि तुम्ही तो डाग म्हणून काढून टाकलात."

तिचा आवाज जरासा कापला. दाखलेसाहेबांना दिसत काही नव्हतं, पण ऐकू चांगलं येत होतं. ते म्हणाले की मी बघितलंच नाही, बटण दाबलं. आणि हे सांगताना त्यांना उमगलं की न बघता दाबलं, हाच तर गुन्हा आहे. त्यांनी तिचा हात धरला, दुकानात, दिवसाढवळ्या, आणि बाहेरून कुणी बघतंय का, हे तपासलंही नाही.

मग तिनं चष्मा त्यांच्या डोळ्यांवर चढवला, काडी नीट केली आणि त्यांना दाराजवळच्या उजेडात बसवलं. आपल्या फोनवर फोटो काढला. एकच. ते हनुवटी वर घ्यायला लागल्यावर "नेहमीचं बसा" म्हणाली. फोटोत कान वरखाली होते, मिशांचा रंग मुळाशी पांढरा पडत होता आणि भुवई जशीच्या तशी होती. दाखलेसाहेबांना फोटो आवडला, असं म्हणणं धाडसाचं होईल. पण आपल्या वळणाचा वाटला.

फॉर्म तिनं तिथेच, फ्रेमांच्या टेबलावर भरला. सहीची जागा मोकळी सोडली आणि 'शेरा' या रकान्यात लिहिलं: 'छायाचित्रातील व्यक्तीशी माझा परिचय नाही. समक्ष हजर असलेली व्यक्ती माझे पती असून त्यांना मी एकोणतीस वर्षे रोज पाहिले आहे. हे मी स्वतः पाहून, विचार करून लिहून देत आहे.' शेऱ्याखाली सही केली. सोबत नवा फोटो जोडला.

शनिवारी साडेनऊला मॅडमनी तो शेरा वाचला. दोनदा वाचला. फोटोतला माणूस तो नव्हेच, असं बायकोनंच लिहून दिल्यावर पहिला फोटो चुकीचा ठरला. चुकीचा फोटो रद्द करायला कुणाला काही सिद्ध करावं लागत नाही, असाही एक नियम होता. (तोही दाखलेसाहेबांनीच लिहिला होता, पण त्यांना आठवत नव्हता.) पहिला फोटो रद्द झाला, दुसरा यंत्रात गेला. मॅडमनी शेऱ्याची एक प्रत काढून स्वतःजवळ ठेवली. कशाला, ते त्यांनी सांगितलं नाही.

यंत्रापुढे जाण्याआधी दाखलेसाहेबांनी दोन कामं केली. 'दहावी ब'मध्ये नवा फोटो टाकला आणि उत्तरं न बघता फोन खिशात ठेवला. मग कोऱ्या कागदावर नियमाचा नवा मसुदा लिहिला की फोटो पाच वर्षांहून जुना असेल तर तो बदलून घ्यावा, माणसाला बदलायला लावू नये. दुसरं वाक्य कचेरीच्या भाषेत बसेना, पण त्यांनी ते खोडलं नाही.

पावणेअकराला ते दारातल्या यंत्रापाशी आले. टपाल विभागातल्या बाई, शिपाई, आणि खिडकी उघडायची वाट बघत बसलेली पेन्शनरांची अख्खी रांग, सगळे बघत होते. दाखलेसाहेबांनी हनुवटी वर घेतली नाही. पोट आत ओढलं नाही. नेहमीचं उभे राहिले.

यंत्रानं अर्धा क्षणही घेतला नाही. "ओळख पटली," बाई म्हणाली, आणि पडद्यावर त्यांचं नाव आलं. चोपन्न वर्षांच्या त्या चेहऱ्यानं, काही न करता, आपलं काम एकट्यानं केलं होतं. त्यांनी अभिमानानं मागे वळून पाहिलं.

आदल्या संध्याकाळी यंत्रात पेन्शनरांसाठी एक नवी सोय घातली होती, चेहऱ्यावरून वय ओळखण्याची. ती त्यांना कुणी सांगितली नव्हती.

"ज्येष्ठ नागरिकांसाठी बसण्याची व्यवस्था डावीकडे आहे," बाई पुढे म्हणाली. "कृपया सावकाश चालावे."

डावीकडच्या बाकावर एक काठीवाले आजोबा बसले होते, त्या वर्षीच निवृत्त मंडळींत दाखल झालेल्या आपल्या धाकट्या भावाला सोबत म्हणून आलेले. त्यांनी दाखलेसाहेबांना वर-खाली पाहिलं, भावाला सरकायला सांगितलं आणि बाकावर हातानं थोपटलं.

"या, बसा," ते मायेनं म्हणाले. "पहिल्या वर्षी जरा अवघडल्यासारखं होतं. आतला माणूस कटकट्या आहे म्हणतात, पण घाबरू नका."